चावी देण्याआधी लायसन्स पाहा : कोकणातल्या आंबा-मासळीच्या गाडीमालकांना खुले पत्र

हर्णे, मिरकरवाडा, नाटे, देवगड, मालवण आणि आसपासच्या वाड्यांमधून आंबा-मासळी बाहेर पाठवणाऱ्या सर्व गाडीमालकांना,

स. न. वि. वि.

मी मोटार अपघात दाव्यांचं काम करणारी वकील आहे. अपघातात गेलेल्यांच्या घरच्यांच्या आणि जखमींच्या वतीने उभी राहते, म्हणजे कोर्टात तुमच्या विरुद्ध बाजूला. तरी हे पत्र तुम्हालाच लिहिते आहे. माझ्याकडचे जे दावे वर्षानुवर्षं अडकून पडतात, त्यांतल्या बऱ्याच दाव्यांचं कारण एकच असतं आणि ते दूर करणं फक्त तुम्हाला शक्य आहे, तेही अपघाताच्या आधी. ते कारण म्हणजे ड्रायव्हरचं लायसन्स.

मार्च लागला की काय होतं ते तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. पेट्या भरून तयार असतात, संध्याकाळी पिकअप निघाली नाही तर पहाटेचं वाशी मार्केट हुकतं. नेमका त्याच दिवशी नेहमीचा ड्रायव्हर तापाने फणफणलेला असतो, नाहीतर दुसऱ्या कोणीतरी जास्त पैसे देऊन नेलेला असतो. मग वाडीतला एखादा पोरगा पुढे येतो. गाडी छान चालवतो, कशेडी घाट त्याच्या हाताखालून शंभरदा गेलेला असतो. तुम्ही चावी देता. लायसन्स विचारत नाही, कारण ओळखीच्या घरातल्या पोराला कागद दाखव म्हणणं बरं दिसत नाही. मासळीच्या गाडीला तर तेवढीही उसंत नसते. लिलाव आटोपला, बर्फ पडला, गाडी सुटली.

आणि मनात एक धीर असतो : विमा भरलेला आहे.

तो धीर कुठवर खरा आहे ते नीट सांगते. तुमच्या गाडीने तिसऱ्या माणसाला इजा झाली, तर भरपाई विमा कंपनीने द्यायची, यासाठीच तो विमा कायद्याने सक्तीचा केला आहे. मात्र कंपनीला अंग काढून घेण्यासाठी मोजकी कारणं कायद्यातच दिलेली आहेत. त्यातलं एक म्हणजे गाडी चालवणाऱ्याकडे रीतसर लायसन्स नसणं. मोटार वाहन कायद्यात ही तरतूद पूर्वी कलम 149 मध्ये होती, 2019 च्या दुरुस्तीनंतर कलम 150 मध्ये आली. कंपनी दाव्याला उत्तर म्हणून कोर्टात जे लेखी म्हणणं देते, त्यात हा बचाव जवळजवळ ठरलेला असतो. ड्रायव्हरचा कागद कोणी पाहिलेला असो वा नसो, छापील मजकुरासारखा तो येतोच.

पण नुसतं म्हणून भागत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी 5 जानेवारी 2004 रोजी स्वरण सिंग खटल्यात हे स्पष्ट केलं. लायसन्स नव्हतं किंवा मुदत संपलेली होती, हे कंपनीने पुराव्याने सिद्ध करायचं. तेवढ्यावरही ती सुटत नाही. मालकाने हयगय केली, योग्य ती काळजी घेतली नाही, हेही तिनेच दाखवायचं. म्हणजे लायसन्सच्या वादात न्यायाधीश दोन गोष्टी तपासतात : ड्रायव्हरकडे काय होतं, आणि मालकाने काय केलं. यातली दुसरी गोष्ट तुमची आहे आणि बहुतेक मालकांकडे तिचं उत्तर नसतं.

उत्तर नसेल तर काय होतं? अनेक निकालांत न्यायालयांनी मधला मार्ग काढला : कंपनीने आधी मृताच्या घरच्यांना रक्कम द्यावी आणि मग मालकाकडून वसूल करावी. माझ्या पक्षकारांसाठी हा मोठा आधार आहे. तुमच्यासाठी त्याचा अर्थ इतकाच, की विमा असून नसल्यासारखा. वसुलीसाठी कंपनीला वेगळा दावासुद्धा लावावा लागत नाही. 2004 च्याच नंजप्पन निकालात न्यायालयाने तिला त्याच हुकमावर दरखास्त, म्हणजे हुकमाच्या अंमलबजावणीचा अर्ज, करण्याची मुभा दिली. मालकाकडून तारण घ्यावं आणि अपघात केलेली गाडी जप्तीत घ्यावी, असंही त्यात सांगितलं आहे.

किती पैसे, याचा अंदाज बहुतेकांना नसतो. म्हणून एक हिशोब मांडते. समजा गेलेला माणूस 35 वर्षांचा खलाशी होता, महिना 15 हजार कमवत होता. मागे बायको, दोन मुलं, म्हातारी आई. सरला वर्मा (2009) आणि प्रणय सेठी (2017) या निकालांनी ठरवून दिलेल्या पद्धतीने, भविष्यात वाढली असती त्या कमाईपोटी 40 टक्के मिळवायचे, म्हणजे महिना 21 हजार. घरात चार अवलंबून असल्याने त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी चौथा हिस्सा वजा, राहिले 15,750. वर्षाचे 1 लाख 89 हजार. त्या वयाला गुणक 16. झाले 30 लाख 24 हजार. त्यावर अंत्यसंस्काराचा खर्च, साहचर्य गमावल्याची भरपाई वगैरे वेगळं, आणि दावा दाखल केल्यापासूनचं व्याज वेगळं. जुनी पिकअप विकून यातलं किती उभं राहील ते तुम्हीच पाहा. मग आंब्याची कलमं गहाण पडतात. ही अतिशयोक्ती नाही. दरखास्तीत जमिनीचे उतारे लागलेले मी पाहिले आहेत.

कधी कधी तर न्यायाधिकरण कंपनीला पूर्ण मोकळं करतं आणि हुकूम फक्त मालकाविरुद्ध होतो. तेव्हा माझ्या पक्षकार बाईच्या हातात तीस लाखांचा कागद असतो आणि घरात मुलांच्या फीचे पैसे नसतात. मालकाकडून वसुली करायची म्हणजे पुन्हा तारखा. अपील करायचं तर आता निदान रत्नागिरी-सिंधुदुर्गवाल्यांना मुंबई गाठावी लागत नाही. ऑगस्ट 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, कोल्हापूरला सुरू झालं, तिथे जाता येतं. पण घाट चढून गेलं तरी वर्षं जायची ती जातातच. आणि गावात रोज समोरासमोर येणारी दोन घरं या एका कागदापायी एकमेकांशी बोलेनाशी होतात. हे मला फार लागतं. कारण बहुतेक वेळा तो मालक वाईट माणूस नसतो. अपघाताच्या रात्री जखमीला दवाखान्यात नेणाऱ्यांत तोच पुढे असतो.

आता मुदतीबद्दल. लायसन्सची तारीख उलटून गेली तरी एक महिना चालतं, असं अजून सर्रास ऐकू येतं. पूर्वी ते खरं होतं. कलम 14 मध्ये 30 दिवसांची सवलत होती. 1 सप्टेंबर 2019 पासून ती काढून टाकली आहे. आज मुदत संपली की उद्या ते लायसन्स चालू नाही. नंतर नूतनीकरण केलं तर ते केल्या दिवसापासून पुढे धरलं जातं, मधले दिवस उघडेच राहतात. अपघात त्या दिवसांत झाला तर नंतर आणलेलं नवं कार्ड कोर्टात उपयोगी पडत नाही. या बदल्यात कायद्याने एक सोयही केली आहे : मुदत संपायच्या एक वर्ष आधीपासून नूतनीकरणाचा अर्ज करता येतो. तेव्हा ज्या ड्रायव्हरची तारीख एप्रिल-मे मध्ये पडते, त्याने ऐन हंगामाची वाट का पाहायची? पावसाळ्यात गाड्या उभ्या असतात, मासेमारी बंद असते, तेव्हाच आरटीओचं काम उरकता येतं. मुदत संपून वर्ष उलटलं तर मात्र पुन्हा चाचणी द्यावी लागते.

मालवाहू आणि प्रवासी गाड्यांचं, म्हणजे ट्रान्सपोर्टचं लायसन्स आता पाच वर्षांचं असतं, पूर्वी तीन वर्षांचं होतं. खासगी गाडीच्या लायसन्सची मुदत वयानुसार वेगळी. त्यामुळे एकाच कार्डावर दोन तारखा सापडतात, एनटी (नॉन-ट्रान्सपोर्ट, म्हणजे खासगी) आणि टीआर (ट्रान्सपोर्ट) अशा. मालक पहिली तारीख पाहतो आणि निश्चिंत होतो. मोठा ट्रक चालवायला द्यायचा असेल तर दुसरी तारीख पाहिलीच पाहिजे.

छोट्या गाड्यांबाबत मात्र एक दिलासा आहे आणि तो तुमच्यापर्यंत पोचायला हवा. फक्त हलक्या मोटार वाहनाचं लायसन्स असलेला माणूस मालवाहू पिकअप चालवू शकतो का, यावर कंपन्यांनी वर्षानुवर्षं दावे लढवले. 2017 मध्ये मुकुंद देवांगन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चालवू शकतो असं सांगितलं. तरी वाद संपला नाही, प्रकरण पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाकडे गेलं. 6 नोव्हेंबर 2024 रोजी घटनापीठानेही तेच कायम केलं. मालासह एकूण वजन 7,500 किलोपर्यंत असलेली मालवाहू गाडी हलक्या वाहनाच्या लायसन्सवर चालवता येते, वेगळी ट्रान्सपोर्ट नोंद लागत नाही. हलक्या वाहनाचं लायसन्स असलेले ड्रायव्हर अशा गाड्या चालवतात म्हणून अपघात वाढले, असं दाखवणारी कोणतीही आकडेवारी समोर आली नाही, हेही न्यायालयाने नोंदवलं. छोटा हत्ती, नेहमीच्या पिकअप या मर्यादेच्या बऱ्याच आत आहेत. आयशर असेल तर अंदाजावर जाऊ नका. काही आत बसतात, काही बाहेर जातात. आरसी काढा आणि एकूण वजनाचा आकडा स्वतः वाचा. वजन त्यापुढे गेलं की मोठ्या वाहनाचं लायसन्स हवंच. आणि दुचाकीचं लायसन्स दाखवून कोणी पिकअपची चावी मागत असेल तर वरच्या निकालाचा त्याला काही उपयोग नाही.

मालकाने काळजी घेतली म्हणजे नेमकं काय केलं, हा प्रश्न मला काही जणांनी विचारला आहे. न्यायालयाने तुमच्याकडून फार मागितलेलं नाही. 2003 च्या लेहरू निकालात आणि पुन्हा 2023 च्या गीता देवी निकालात सांगितलंय, की मालकाने लायसन्स पाहावं, ते वरकरणी खरं दिसतंय याची खात्री करावी आणि माणसाला गाडी येते का ते पाहावं. प्रत्येक ड्रायव्हरसाठी आरटीओत जाऊन चौकशी करणं त्याच्याकडून अपेक्षित नाही. पुढे ते लायसन्स बनावट निघालं, पण मालकाला ते माहीत नव्हतं आणि शंका यावी असं काही दिसलंही नव्हतं, तर त्याचा भार मालकावर टाकता येत नाही. पण एकदा पाहिलं की काम संपलं असंही नाही. 2020 च्या बेली राम निकालात तीन वर्षं मुदत संपलेलं लायसन्स घेऊन ड्रायव्हर नोकरीवर होता. मुदत संपल्यावर ते नवं केलं का, हे पाहणं मालकाचं काम होतं, असं न्यायालयाने म्हटलं. त्या प्रकरणात जखमी ड्रायव्हर स्वतः होता आणि त्याची भरपाई मालकावर आली.

एवढं करणं आज तर सोपं आहे. ड्रायव्हरला डिजिलॉकरमधलं लायसन्स उघडायला सांगा, किंवा परिवहनच्या संकेतस्थळावर क्रमांक आणि जन्मतारीख टाका, खरी मुदत समोर दिसते. फोटो काढा. तो फोटो आणि त्याची तारीख मोबाइल बदलला तरी सांभाळून ठेवा, कारण दावा उभा राहतो तेव्हा अपघाताला बराच काळ लोटलेला असतो. घरातला पोर असो की परका, कागद सगळ्यांचाच पाहायचा, असा आपल्या गाडीचा रिवाजच ठरवून टाका. मग कोणाला वाईट वाटायचा प्रश्न उरत नाही.

बागेत माल भरताना गाडी जरा पुढे-मागे घ्यायची असते, ड्रायव्हर चहाला गेलेला असतो, चावी गाडीतच असते. क्लीनर बसतो. 1987 चा स्कँडिया खटला अगदी असाच घडला होता. ड्रायव्हर इंजिन चालू ठेवून खायला आणायला उतरला आणि क्लीनरने ट्रक पुढे काढला, त्यात एका माणसाचा जीव गेला. तिथे मालकाने स्वतः लायसन्सधारक ड्रायव्हर नेमला होता, गाडी त्याच्या ताब्यात दिली होती, म्हणून मालकाची चूक धरली गेली नाही आणि कंपनीला भरपाई द्यावी लागली. पण ज्या मालकाने क्लीनरला "तूच घे रे जरा मागे" असं स्वतः सांगितलं, त्याला या निकालाचा आधार नाही. तुमच्या बागेच्या वाटेवरही माणसं चालत असतात, मुलं खेळत असतात.

आता ज्या गोष्टीबद्दल मला सर्वांत जास्त राग येतो ती. अपघात झाला, चालवणाऱ्याकडे लायसन्स नव्हतं, म्हणून पोलीस यायच्या आत दुसऱ्या, लायसन्सवाल्या माणसाला ड्रायव्हर म्हणून उभं केलं जातं. याला गावात मदत समजतात. भावाने भावासाठी, कामगाराने मालकासाठी केलेला उपकार. पण टोलनाक्याचे कॅमेरे आहेत, मोबाइलचे लोकेशन आहेत, जखमींचे जबाब आहेत. उलटतपासात हे बनाव टिकत नाहीत. आणि जेव्हा ते कोसळतात तेव्हा खोटी माहिती दिल्याचा गुन्हा तर लागतोच, शिवाय खऱ्या अपघाताचा खरा दावाही संशयात सापडतो. मग कंपनी म्हणते, सगळंच रचलेलं आहे. माझ्यासमोर बसलेल्या आईला मी कसं समजावू, की तिच्या मुलाच्या मृत्यूवर न्यायाधीशांना शंका आली कारण तुमच्या गाडीत कोण बसलं होतं ते तुम्ही लपवलंत? कृपा करून हे करू नका. लायसन्स नव्हतं तर नव्हतं म्हणून सांगा. खरं सांगितलेल्या प्रकरणात न्यायालयाला मृताच्या घरच्यांसाठी वाट काढता येते, बनाव उघडा पडलेल्या प्रकरणात ती वाट फार अरुंद होते.

समन्स आलं की घरी ठेवून देणं, हीसुद्धा आपल्याकडची जुनी खोड. विमा कंपनी बघेल, असं म्हणून मालक तारखेला जात नाही आणि दावा त्याच्याविरुद्ध एकतर्फी चालतो. लायसन्स दाखवायला मालक नाही, ड्रायव्हर नाही. कंपनी आरटीओतून उतारा काढून आणते आणि तुमची बाजू कोणी मांडतच नाही. पप्पू विरुद्ध विनोद कुमार लांबा (2018) या प्रकरणात मालकाने लायसन्सची प्रत दिली होती, पण त्या वेळी तोच माणूस गाडी चालवत होता आणि मालकाच्या परवानगीने चालवत होता, हे पुराव्याने मांडलं नाही. वसुली मालकावर आली. तुमच्या मोबाइलमधला फोटो पिंजऱ्यात उभं राहून तुम्ही दाखवला नाहीत तर त्याची किंमत शून्य.

गाडी विकली आणि नाव बदललं नाही, तर कायद्याच्या नजरेत मालक तुम्हीच. नवीन कुमार (2018) निकालात हे ठरलं आहे. नवा मालक कोणाला चावी देतो हे तुम्हाला कळणारही नाही, नोटीस मात्र तुमच्या घरी येईल.

तुमच्या स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा दावा वेगळा असतो. तिथे स्वरण सिंगचा आधार मिळत नाही, असं 2007 मध्ये लक्ष्मी नारायण धूत प्रकरणात सांगितलं गेलं. तेव्हा बिनलायसन्स ड्रायव्हरने गाडी दरीत घातली तर तिची दुरुस्ती तुमच्याच खिशातून. तुम्ही स्वतः गाडी चालवत असाल तर मालक-चालकाचं 15 लाखांचं अपघाती संरक्षण तुमच्या विम्यात असतं. त्यालाही तुमचं लायसन्स चालू असावं लागतं. वयाची पन्नाशी ओलांडलेल्या मालकांनी आपलंच कार्ड एकदा काढून पाहावं.

कंपन्यांनाही एक गोष्ट सांगायची आहे, कारण हे पत्र त्यांच्याही हाती पडेल. बचाव घेण्याआधी परिवहनच्या नोंदीत ड्रायव्हरचा क्रमांक टाकून पाहायला तुम्हाला पाच मिनिटं लागतात. लायसन्स चालू दिसत असेल तर तो मुद्दा लेखी म्हणण्यातून वगळा. सिद्ध करण्याचा भार तुमच्यावर आहे हे 2004 पासून ठरलेलं आहे. तरी केवळ तारखा घेण्यासाठी तो मुद्दा पुढे रेटला जातो आणि त्या तारखांना एसटीच्या पहाटेच्या गाडीने येणारी माणसं कामाचा रोज बुडवून येतात.

पण मुख्य विनंती तुम्हा मालकांनाच. बागायतदारांच्या, मच्छीमार सोसायट्यांच्या, टेम्पो संघटनांच्या बैठका हंगामाआधी होतातच. भाडं, बर्फ, पेट्यांचे दर यांवर चर्चा होते. यंदा त्यात अर्धा तास लायसन्ससाठी ठेवा. प्रत्येकाने आपल्या आणि बदली ड्रायव्हरांची यादी आणावी, तारखा तपासाव्यात. ज्यांची मुदत संपत आली आहे त्यांना एकत्र करून तालुक्याच्या आरटीओ शिबिराला पाठवावं. लायसन्स नसलेली पण चांगली गाडी चालवणारी वाडीतली पोरं आहेत, त्यांना संस्थेने शिकाऊ लायसन्सपासून रीतसर मार्गाला लावावं. त्यांना काम मिळेल, तुम्हाला ड्रायव्हर. कायद्याचा भाग समजावून सांगायला कोणी हवं असेल तर मला बोलवा, कोणतीही फी न घेता येईन. माझ्यासोबत कंपन्यांच्या बाजूने काम करणारे एक-दोन वकीलही यायला तयार आहेत.

बैठक दिवाळीच्या सुमारास ठेवलीत तर नूतनीकरणाला मार्चच्या आत पुरेसा वेळ मिळेल.

आपली,
मोटार अपघात दाव्यांचं काम करणारी एक वकील, रत्नागिरी